अमेरिकेचा गरुड: नाव आणि चिन्ह यांविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

गरुडाचे नाव कोणी का घेतले, असे विचारले की ‘तो शौर्याचे प्रतीक आहे म्हणून’ असे ठरावीक उत्तर मिळते. अमेरिकेपुरते बोलायचे, तर हे उत्तर बहुतेक वेळा अपुरे आणि काही वेळा साफ चुकीचे असते. एखाद्या संघाने, यानाने किंवा नाण्याने हे नाव घेतले त्या वेळची नोंदलेली कारणे पाहिली, तर त्यांत सरकारी योजना, रेडिओवरील संभाषणाची सोय आणि गोल्फच्या मैदानावरील बोलीभाषा अशा गोष्टी सापडतात. पुढील उत्तरांचा भर अशा कारणांवर आहे.

डॉलरच्या नोटेवर आणि खेळाडूंच्या शिरस्त्राणांवर दिसणारा हा गरुड नेमका कोणता पक्षी आहे?

नोटेवरचा आणि बहुतेक बोधचिन्हांवरचा गरुड म्हणजे बाल्ड ईगल. त्याचे डोके आणि शेपटी पांढरी असते, तो मुख्यतः माशांवर जगतो आणि केवळ उत्तर अमेरिका खंडात आढळतो. त्याला ही पांढरी पिसे वयाच्या साधारण पाचव्या वर्षी येतात. तोवर तो तपकिरी असतो आणि अनेकदा ओळखूही येत नाही. चिन्हांवर मात्र नेहमी प्रौढ पक्षीच काढला जातो. कोकणच्या किनाऱ्यावर दिसणारा पांढऱ्या पोटाचा समुद्र गरुड हा त्याचा नातलग असून तोही मासेखाऊच आहे. मेक्सिकोच्या ध्वजावर निवडुंगावर बसून साप खाणारा गरुड मात्र वेगळा आहे. तो सोनेरी गरुड मानला जातो आणि त्याची कथा अ‍ॅझ्टेक लोकांच्या राजधानीच्या स्थापनेशी जोडलेली आहे.

हा पक्षी अमेरिकेच्या राजमुद्रेवर कसा आला?

सहा वर्षे आणि तीन समित्या खर्ची पडल्यावर. ४ जुलै १७७६ रोजी, स्वातंत्र्याचा जाहीरनामा मंजूर झाला त्याच दिवशी, बेंजामिन फ्रँकलिन, जॉन अ‍ॅडम्स आणि थॉमस जेफरसन यांच्याकडे मुद्रेचे काम सोपवण्यात आले. त्यांच्या आराखड्यात ठळक असा गरुड नव्हता. दुसऱ्या समितीचे कामही मान्य झाले नाही. तिसऱ्या समितीसाठी विल्यम बार्टन यांनी केलेल्या आराखड्यात एक लहानसा पांढरा गरुड होता, पण तो अनेक आकृत्यांपैकी एक होता. काँग्रेसचे, म्हणजे अमेरिकेच्या तेव्हाच्या संसदेचे, सचिव चार्ल्स थॉमसन यांनी १७८२ मध्ये आधीच्या तिन्ही प्रयत्नांतील निवडक भाग एकत्र आणले, गरुडाला मध्यभागी बसवले आणि तो अमेरिकेतीलच पांढऱ्या डोक्याचा असावा असे ठरवले. २० जून १७८२ रोजी काँग्रेसने हा आराखडा स्वीकारला. गरुडाच्या उजव्या पंजात ऑलिव्हची फांदी, डाव्या पंजात तेरा बाण आणि चोचीत ‘ई प्लुरिबस युनम’ हे लॅटिन वचन असलेली पट्टी, असे त्याचे रूप आहे. या वचनाचा अर्थ ‘अनेकांतून एक’ असा होतो. १९३५ पासून ही मुद्रा एक डॉलरच्या नोटेच्या मागच्या बाजूस छापली जाते, आणि जगभरातील लोकांची या गरुडाशी पहिली ओळख बहुधा त्या नोटेमुळेच होते.

ही कल्पना रोमन साम्राज्याकडून घेतली होती का?

रोमचा आदर्श त्या काळच्या सुशिक्षित अमेरिकनांसमोर होता, हे उघड आहे. इ. स. पूर्व १०४ मध्ये रोमन सेनापती मारियस याने गरुड हे सैन्याच्या प्रत्येक लिजनचे, म्हणजे मोठ्या तुकडीचे, मुख्य निशाण केले आणि पुढे युरोपातील अनेक राजघराण्यांनी तो आपल्या ढालींवर घेतला. नेपोलियननेही १८०४ मध्ये आपल्या पलटणींना ब्राँझचे गरुड दिले. थॉमसन यांनी या जुन्या परंपरेत एक बदल केला आणि तो महत्त्वाचा होता. युरोपच्या ढालींवरील गरुड कोणत्याही एका जातीचा नव्हता, अमेरिकेच्या मुद्रेवरील पक्षी मात्र त्याच भूमीवर राहणारा, ओळखू येणारा निवडला गेला.

फ्रँकलिन यांना गरुडाऐवजी टर्की हा कोंबडीसारखा मोठा पक्षी हवा होता, हे खरे आहे का?

नाही. ही गोष्ट इतक्यांदा सांगितली गेली आहे की आता ती पाठ्यपुस्तकातल्या धड्यासारखी वाटते, परंतु मुद्रेसाठी फ्रँकलिन यांनी सुचवलेल्या चित्रात कोणताही पक्षी नव्हता. तांबडा समुद्र दुभंगून निघालेला मोझेस आणि त्यात बुडणारा इजिप्तचा फॅरो, असा तो प्रसंग होता. टर्कीचा उल्लेख त्यांनी जानेवारी १७८४ मध्ये आपल्या मुलीला लिहिलेल्या पत्रात केला, म्हणजे मुद्रा मंजूर होऊन दीड वर्ष उलटल्यावर. निमित्त होते माजी सेनाधिकाऱ्यांच्या सोसायटी ऑफ द सिनसिनाटी या संस्थेच्या पदकाचे. पदकावरचा गरुड टर्कीसारखा दिसतो अशी टीका होत होती. त्यावर फ्रँकलिन यांनी लिहिले, की बाल्ड ईगल हा वाईट वर्तनाचा पक्षी असून तो दुसऱ्या शिकारी पक्ष्याने कष्टाने पकडलेला मासा हिसकावून घेतो, त्या मानाने टर्की कितीतरी प्रतिष्ठित. पत्राचा सूर थट्टेचा आहे आणि त्याचा खरा रोख वंशपरंपरेने सदस्यत्व देऊ पाहणाऱ्या त्या संस्थेवर आहे. मासा हिसकावण्याचे निरीक्षण मात्र अचूक आहे. ऑस्प्रे, म्हणजे मत्स्य घार, पकडलेला मासा घेऊन निघाली की बाल्ड ईगल तिचा पाठलाग करून तो खाली टाकायला लावतो.

युद्धकाळात राजमुद्रेवरील गरुडाची मान बाणांकडे वळवली जाते का?

नाही, पण या समजुतीला एक खरा धागा आहे. राष्ट्राच्या मुद्रेवरील गरुड पहिल्यापासून ऑलिव्हच्या फांदीकडे पाहतो. राष्ट्राध्यक्षांच्या वेगळ्या मुद्रेवरील गरुड मात्र पूर्वी बाणांकडे पाहत असे. ऑक्टोबर १९४५ मध्ये, दुसरे महायुद्ध नुकतेच संपले असताना, हॅरी ट्रूमन यांनी आदेश काढून त्याची मान फांदीकडे वळवली. तेव्हापासून ती तशीच आहे. कोरिया आणि व्हिएतनामच्या युद्धांतही ती बदलली नाही.

‘ओल्ड एब’ हा गरुड खरोखर युद्धावर गेला होता का?

होय. अमेरिकेच्या लोकसंस्कृतीतील गरुडांमध्ये सर्वांत रंजक चरित्र या एका पक्ष्याचे आहे, असे या लेखकाचे मत आहे. १८६१ मध्ये विस्कॉन्सिन राज्यात ओजिब्वे या आदिवासी जमातीतील एका माणसाने हे पिल्लू पकडले आणि ते एका शेतकरी कुटुंबाला धान्याच्या मोबदल्यात दिले. पुढे यादवी युद्धासाठी भरती झालेल्या ओ क्लेअर गावच्या तुकडीने ते विकत घेतले आणि त्याला राष्ट्राध्यक्ष अब्राहम लिंकन यांच्या नावावरून ओल्ड एब म्हणायला सुरुवात केली. ही तुकडी पुढे आठव्या विस्कॉन्सिन पायदळ पलटणीत सामील झाली. निशाणाच्या शेजारी, काठीच्या टोकावरील बैठकीवर बसून हा पक्षी अनेक लढायांत वावरला आणि जिवंत परतला. युद्धानंतर मॅडिसन येथील राज्याच्या कॅपिटॉल इमारतीत त्याला ठेवण्यात आले. तेथे तो लोकांना पाहायला मिळे आणि निधी गोळा करण्याच्या समारंभांतही नेला जाई. इमारतीत लागलेल्या आगीच्या धुराने १८८१ मध्ये तो मरण पावला. त्याचे शरीर पेंढा भरून जतन केले होते, तेही १९०४ मध्ये कॅपिटॉलला लागलेल्या मोठ्या आगीत जळाले.

त्याची प्रतिमा मात्र दोन अगदी वेगळ्या ठिकाणी टिकली. रसीन येथील जे. आय. केस या शेतीयंत्रे बनवणाऱ्या कंपनीने १८६५ पासून ओल्ड एबला आपले व्यापारचिन्ह केले आणि ते शंभराहून अधिक वर्षे, १९६९ पर्यंत, मळणीयंत्रांवर व ट्रॅक्टरवर झळकत राहिले. दुसरे ठिकाण म्हणजे अमेरिकी सैन्याची १०१ वी एअरबोर्न डिव्हिजन. जून १९४४ मध्ये नॉर्मंडीत छत्रीने उतरलेल्या या सैनिकांच्या खांद्यावर काळ्या ढालीवर चोच उघडलेले पांढरे डोके होते, आणि त्यावरूनच त्यांना ‘स्क्रीमिंग ईगल्स’ म्हणतात. मळणीयंत्र आणि छत्रीधारी सैनिक यांचे दैवत एकच आणि तेही एक पाळलेला पक्षी, ही गंमत लक्षात ठेवण्यासारखी आहे.

‘ईगल’ हे नाण्याचे नाव होते का?

होय, आणि ते टोपणनाव नव्हते. १७९२ च्या नाणे कायद्याने दहा डॉलरच्या सोन्याच्या नाण्याला ‘ईगल’ हेच अधिकृत नाव दिले. पाच डॉलरचे हाफ ईगल, अडीच डॉलरचे क्वार्टर ईगल आणि कॅलिफोर्नियात सोने सापडल्यानंतर १८५० पासून वीस डॉलरचे डबल ईगल, असे हे कुटुंब होते. १९३३ मध्ये सोन्याची नाणी चलनातून काढून घेण्यात आली आणि त्या वर्षी पाडलेली डबल ईगल नाणी वितळवण्याचे ठरले. त्यांतून निसटलेले आणि पुढे कायद्याने खासगी मालकीस मान्यता मिळालेले एक नाणे २०२१ मध्ये न्यूयॉर्कच्या लिलावात सुमारे १ कोटी ८९ लाख डॉलरना विकले गेले.

फिलाडेल्फिया ईगल्स या संघाने हे नाव का निवडले?

एका सरकारी योजनेच्या बोधचिन्हावरून. १९३३ मध्ये महामंदी ऐन भरात असताना फ्रँकलिन रूझवेल्ट यांच्या सरकारने नॅशनल रिकव्हरी अ‍ॅडमिनिस्ट्रेशन स्थापन केले. कामाचे तास, किमान वेतन आणि किमतींविषयीचे नियम पाळणाऱ्या व्यापाऱ्यांना आणि कारखानदारांना निळ्या गरुडाचे चित्र दुकानात लावता येत असे. त्या गरुडाच्या एका पंजात दातेरी चाक आणि दुसऱ्यात विजेचे लोळ होते, तर खाली ‘आम्ही आमचा वाटा उचलतो’ अशा अर्थाची ओळ होती. त्याच वर्षी बर्ट बेल आणि लड रे यांनी फिलाडेल्फियाच्या अमेरिकन फुटबॉल संघाचे हक्क विकत घेतले आणि देशभर दुकानांच्या काचांवर दिसणाऱ्या या निळ्या गरुडावरून संघाचे नाव ठेवले. आजच्या समर्थकाला ते नाव आक्रमक वाटत असले, तरी १९३३ मधील फिलाडेल्फियाकराला त्यात रोजगाराची आशा ऐकू आली असणार.

योजना फार टिकली नाही. ब्रुकलिनमधील कोंबड्यांचा व्यवसाय करणाऱ्या शेक्टर बंधूंवर नियमभंगाचा खटला झाला आणि मे १९३५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एकमताने त्या कायद्यातील नियमावलीची तरतूद घटनाबाह्य ठरवली. कोंबड्यांच्या खटल्यात गरुडाचा पराभव झाला, अशी थट्टा करण्याचा मोह आवरणे कठीण आहे. संघ मात्र राहिला. त्याने १९४८, १९४९ आणि १९६० मध्ये लीगचे विजेतेपद मिळवले, फेब्रुवारी २०१८ मध्ये पहिला सुपर बोल, म्हणजे लीगचा अंतिम सामना, जिंकला आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये दुसरा. त्याच्या बोधचिन्हातील गरुडाचे तोंड डावीकडे आहे, जे या लीगमधील इतर संघांच्या चिन्हांत दिसत नाही.

चंद्रावर उतरलेल्या यानाचे नाव ‘ईगल’ कसे पडले?

याचे पहिले कारण अगदी व्यावहारिक आहे. अपोलो मोहिमेत दोन याने एकमेकांपासून वेगळी होऊन उडू लागली की रेडिओवर कोण बोलत आहे हे कळण्यासाठी दोन वेगळी नावे लागत. अपोलो ९ च्या अंतराळवीरांनी आपल्या यानांना ‘गमड्रॉप’ आणि ‘स्पायडर’ म्हटले होते, तर अपोलो १० च्या अंतराळवीरांनी व्यंगचित्रमालिकेतील ‘चार्ली ब्राउन’ आणि ‘स्नूपी’ ही नावे घेतली. चंद्रावर पहिले पाऊल ठेवण्याच्या मोहिमेला अशी खेळकर नावे शोभणार नाहीत, असे नासाच्या जनसंपर्क विभागाचे मत पडले. कक्षेत राहणारे यान ‘कोलंबिया’ झाले आणि उतरणारे ‘ईगल’.

ईगल हे नाव मोहिमेच्या बोधचिन्हाशी जोडलेले आहे. त्या चिन्हासाठी अंतराळवीर जिम लव्हेल यांनी गरुड सुचवला आणि मोहिमेवर जाणाऱ्या तिघांपैकी मायकेल कॉलिन्स यांनी पक्ष्यांवरील एका सचित्र पुस्तकातील बाल्ड ईगलचे चित्र पातळ कागदावर गिरवून घेतले. खाली खड्ड्यांनी भरलेला चंद्र, मागे दूरवर पृथ्वी आणि उतरण्याच्या पवित्र्यातील गरुड असा आराखडा तयार झाला. शांततेची खूण म्हणून ऑलिव्हची फांदी त्याच्या चोचीत होती. पण रिकामे, पसरलेले पंजे चंद्रावर झडप घातल्यासारखे दिसतात, अशी हरकत वरिष्ठांकडून आली. तेव्हा फांदी चोचीतून काढून पंजात देण्यात आली. परिणामी गरुड थोडा अवघडल्यासारखा दिसतो, असे कॉलिन्स यांनीही म्हटले होते. या चिन्हावर अंतराळवीरांची नावे नाहीत, कारण हे यश त्या तिघांपुरते नाही, मोहिमेसाठी राबलेल्या सर्वांचे आहे, अशी त्यांची भूमिका होती.

कोलंबियापासून वेगळे होताच नील आर्मस्ट्राँग यांनी ‘ईगलला पंख फुटले आहेत’ अशा अर्थाचे शब्द उच्चारले. २० जुलै १९६९ रोजी, भारतीय वेळेप्रमाणे २१ जुलैच्या पहाटे १ वाजून ४७ मिनिटांनी, यान चंद्रावर टेकले आणि त्यानंतर त्यांनी ह्यूस्टनच्या नियंत्रण कक्षाला ‘ईगल उतरले आहे’ असे कळवले. हे वाक्य त्यानंतर इतक्या ठिकाणी वापरले गेले आहे की काम फत्ते झाल्याचा तो जणू सांकेतिक शब्दच बनला. यानाचा खालचा भाग आजही शांतिसागर नावाच्या त्या मैदानावर उभा आहे. बोधचिन्हातील गरुड पुढे १९७१ च्या आयझेनहॉवर डॉलर आणि १९७९ च्या सुझन अँथनी डॉलर या नाण्यांवरही उतरला. चिन्ह काढणाऱ्याने पुस्तकातून गिरवलेला पक्षी अशा रीतीने कोट्यवधी लोकांच्या खिशात पोहोचला.

आर्मस्ट्राँग ‘ईगल स्काउट’ होते, म्हणून यानाला हे नाव दिले का?

ते ईगल स्काउट होते हे खरे, पण नावाचे कारण ते नव्हे. अमेरिकेतील बालवीर चळवळीची ही सर्वोच्च श्रेणी १९१२ पासून दिली जाते आणि राष्ट्राध्यक्ष जेराल्ड फोर्ड हेही तिचे मानकरी होते.

गोल्फमध्ये पारपेक्षा, म्हणजे एका खड्ड्यासाठी ठरवलेल्या फटक्यांपेक्षा, दोन फटके कमी लागले तर ‘ईगल’ का म्हणतात?

विसाव्या शतकाच्या आरंभी अमेरिकेच्या बोलीत उत्तम गोष्टीला ‘बर्ड’ म्हणत. न्यू जर्सीतील अटलांटिक सिटीच्या मैदानावर त्यावरून एक फटका कमी लागण्याला ‘बर्डी’ हे नाव मिळाले, असे सांगितले जाते. दोन फटके वाचवणाऱ्यासाठी मग त्याहून मोठा पक्षी शोधावा लागला. तीन वाचवले, तर अल्बट्रॉस.

ईगल्स या संगीतसमूहाच्या नावाआधी ‘द’ लावावे का?

समूहाच्या सदस्यांच्या मते लावू नये. ग्लेन फ्राय यांचा याबाबत आग्रह असे, परंतु श्रोत्यांनी तो कधी मानला नाही. १९७१ मध्ये लॉस एंजेलिस येथे फ्राय, डॉन हेन्ली, बर्नी लेडन आणि रँडी माइस्नर यांनी हा समूह स्थापन केला. नाव कोणी आणि कोठे सुचवले याच्या कथा सदस्यांगणिक वेगळ्या आहेत, त्यामुळे त्यांतील एखादी खरी म्हणून येथे देणे योग्य नाही. त्यांच्या १९७१ ते १९७५ या काळातील निवडक गाण्यांचा संग्रह १९७६ मध्ये निघाला आणि अमेरिकेत प्लॅटिनम प्रमाणपत्र मिळालेला तो पहिला संग्रह ठरला. २०१८ मध्ये त्याची नोंद ३८ पट प्लॅटिनम, म्हणजे ३ कोटी ८० लाख प्रतींच्या बरोबरीची, अशी झाली.

चित्रपटांत ऐकू येणारी गरुडाची ती कर्कश, लांबवर घुमणारी किंकाळी खरी असते का?

किंकाळी खरी असते, पण ती बहुतेक वेळा बाल्ड ईगलची नसते. ध्वनिमुद्रणाचे काम करणारे त्या जागी रेड-टेल्ड हॉक या लाल शेपटीच्या शिकारी पक्ष्याचा आवाज वापरतात. बाल्ड ईगलचा स्वतःचा आवाज बारीक, तुटक आणि किलबिलीच्या जवळ जाणारा असतो. पडद्यावर तो ऐकवला, तर प्रेक्षक हसतील अशी भीती निर्मात्यांना वाटते. राष्ट्राच्या अभिमानासाठी निवडलेल्या पक्ष्याला दुसऱ्याचा आवाज उसना घ्यावा लागतो, यात फ्रँकलिन यांना मजा वाटली असती.

सामन्याआधी मैदानावरून उडणारे जिवंत गरुड कोठे पाहायला मिळतात?

अलाबामातील ऑबर्न विद्यापीठाची परंपरा प्रसिद्ध आहे. त्यांच्या संघाचे नाव ‘टायगर्स’, शुभंकर वाघ, परंतु घोषणा मात्र ‘वॉर ईगल’, आणि घरच्या सामन्याआधी गरुड प्रेक्षकांवरून घिरट्या घालत मैदानाच्या मध्यभागी उतरतो. युरोपातही ही प्रथा आहे. लिस्बनच्या बेनफिका क्लबची ‘व्हितोरिया’ समर्थकांची लाडकी आहे, आणि रोमच्या लाझिओची ‘ऑलिंपिया’ही २०२५ च्या आरंभापर्यंत तशीच होती. लाझिओने आपले चिन्ह प्राचीन रोमच्या गरुडाशी जोडले आहे, तरी मैदानावर उडणारी ऑलिंपिया मात्र अमेरिकेची बाल्ड ईगल होती. पांढरे डोके दुरून ठळक दिसते, आणि दूरचित्रवाणीच्या काळात ‘गरुड’ म्हटल्यावर डोळ्यांसमोर येणारे रूप तेच झाले आहे.

एवढा मान असलेला हा पक्षी नष्ट होण्याच्या मार्गावर कसा गेला?

चिन्हाचा मान आणि पक्ष्याचा जीव यांचा फारसा संबंध नव्हता. अलास्कात १९१७ पासून १९५३ पर्यंत गरुड मारणाऱ्याला सरकार बक्षीस देत असे, कारण तो सॅमन मासे पळवतो अशी मासेमारांची तक्रार होती. या काळात लाखाहून अधिक गरुड मारले गेले. १९४० मध्ये संसदेने संरक्षणाचा कायदा केला. बाल्ड ईगल हा आता केवळ जीवशास्त्राच्या कुतूहलाचा पक्षी नसून स्वातंत्र्याच्या अमेरिकी आदर्शांचे प्रतीक आहे, असे त्याच्या प्रस्तावनेत म्हटले होते, आणि त्याच कायद्यातून अलास्का वगळला होता. पुढे डीडीटी हे कीटकनाशक माशांमार्फत गरुडांच्या शरीरात साठले. अंड्यांची कवचे पातळ होऊन ती उबवताना फुटू लागली. १९६३ मध्ये अलास्का आणि हवाई सोडून उरलेल्या अमेरिकेत अवघ्या ४१७ जोड्या घरटी करताना आढळल्या. १९७२ मध्ये डीडीटीवर बंदी आली, संख्या सावरली आणि २००७ मध्ये हा पक्षी संकटग्रस्त जातींच्या यादीतून वगळण्यात आला. २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या सरकारी अंदाजानुसार याच भागात घरटी करणाऱ्या जोड्यांची संख्या ७१,००० च्या वर गेली होती.

तो अमेरिकेचा राष्ट्रीय पक्षी कधी झाला?

डिसेंबर २०२४ मध्ये. त्याआधी सर्वजण तसे समजत होते, पण कायद्यात तसा उल्लेख कोठेही नव्हता.

अमेरिकेत फिरताना गरुडाचे पीस सापडले, तर आठवण म्हणून भारतात आणता येईल का?

नाही. मुलांना भेटायला तिकडे जाणाऱ्यांनी आणि जातिवंत भटक्यांनी हे जरूर लक्षात ठेवावे. जमिनीवर गळून पडलेले पीस उचलून जवळ बाळगणेही १९४० च्या त्या कायद्याखाली गुन्हा ठरतो, आणि पहिल्याच गुन्ह्याला एक वर्षापर्यंत कैद व एक लाख डॉलरपर्यंत दंड होऊ शकतो. पीस वाऱ्याने पडले की गरुड मारून काढले, हे नंतर सिद्ध करता येत नाही, म्हणून कायदा असा फरक करत नाही. अमेरिकेतील अनेक आदिवासी समाजांत गरुडाचे पीस पवित्र असून ते विधींत आणि सन्मान करताना वापरले जाते. त्यामुळे केंद्र सरकारची मान्यता असलेल्या जमातींच्या नोंदणीकृत सदस्यांना सवलत आहे. मृत सापडलेले गरुड कोलोरॅडो राज्यातील कॉमर्स सिटी येथील राष्ट्रीय भांडारात जमा केले जातात आणि तेथून या सदस्यांना अर्जाप्रमाणे पिसे किंवा पूर्ण पक्षी पाठवला जातो. मागणी पुरवठ्यापेक्षा बरीच जास्त असल्याने पूर्ण पक्ष्यासाठी काही वर्षे वाट पाहावी लागते. पर्यटकाने पीस दिसल्यास त्याचे छायाचित्र काढावे आणि ते होते तेथेच राहू द्यावे.